बिनपाट्यांचा सिनेमा

चाचांच्या तोंडी 'ती बाई' इतक्यांदा यायची, की नोकरीला लागल्यावर पहिले कित्येक दिवस मला वाटत होतं, चाचांचं गुदैबियात कुठंतरी लफडं आहे. "ती बाई असती तर तिनं ही पाटी फाडून टाकली असती." "ती बाई म्हणायची, माणसाचं तोंड बघू नका, हात बघा." इथं आखातात, सलमाबादच्या आमच्या ऑफिसात चहाच्या मशीनजवळ उभा राहून, पन्नाशी उलटलेला रत्नागिरीकडचा सेफ्टी ऑफिसर असं बोलायला लागला तर ऐकणाऱ्यानं काय समजायचं? मी नाशिकची, इथं कंपनीची मीटर-यंत्रं सांभाळायला आलेली. माझ्या पोटात गोष्ट राहत नाही. एक दिवस सरळ विचारलं, "चाचा, या बाई राहतात कुठं?"

"मेली," चाचा म्हणाले. "माझ्या बापाचा जन्म व्हायच्या आधी बर्लिनमध्ये कामाला होती."

काम म्हणजे सिनेमे लिहिण्याचं. मुके सिनेमे. ज्या काळात पडद्यावर माणसं नुसती ओठ हलवायची आणि मध्येच काळ्या पाटीवर पांढऱ्या अक्षरांत 'हाय, मी फसले!' असलं काहीतरी उमटायचं, त्या काळात ही बाई पटकथा लिहायची आणि त्या पाट्यांशी तिचं हाडवैर होतं. नाव चाचा कधी घेत नसत. एकदा खोदून विचारलं तर म्हणाले, "सिनेमावाल्यांनी तिचं नाव पाट्यांवरनं काढून टाकलं होतं. मी कशाला परत चिकटवू?" मला हे उत्तर आवडलं नाही. पण चाचांशी वाद घालण्यात अर्थ नसायचा, कारण ते वाद घालतच नसत. ते बसायचे.

त्या बसण्याबद्दलच मला सांगायचं आहे. मआमीरच्या प्लँटमधल्या टाकीच्या तोंडाशी चाचा बसले आणि आत सख्खा भाऊ पडलेला असताना त्यांनी कुणालाही उतरू दिलं नाही, ही गोष्ट इथल्या आपल्या माणसांत बरीच फिरली. फिरता फिरता तिला शिंगं फुटली. कुणी त्यांना दगड म्हणालं, कुणी वेडा ठरवलं. गावाला त्यांच्या आईनं त्यांच्याशी बोलणं टाकलं, आणि ती पुन्हा बोलेल की नाही याच्यावरच त्या माणसाचं उरलेलं आयुष्य टांगून राहिलं. मी त्या दिवशी तिथं होते. ज्यांनी काहीच बघितलं नाही त्यांची तोंडं चालतात, मग मी का गप्प बसू?

पण आधी चाचा.

चाचा गुदैबियाच्या एका केरळी हॉटेलात रोज संध्याकाळी चहा प्यायचे आणि पहिलं काम काय, तर गल्ल्यावरच्या माणसाला खूण करून टीव्हीचा आवाज बंद करायला लावायचे. बातम्या असोत की क्रिकेट, आवाज बंद. गिऱ्हाइकं ओरडायची. मग चाचा पडद्यावरच्या मंत्र्याकडं बोट दाखवून म्हणायचे, "हे बघ, याचा अंगठा मुठीत आहे. घाबरलाय." हळूहळू गिऱ्हाइकांनाही चटक लागली. मंत्र्याचा अंगठा कुठं आहे यावर पैजा लागायला लागल्या. ऑफिसच्या मीटिंगमध्येही तेच. मॅनेजर प्रोजेक्टरवर काहीतरी दाखवत असायचा आणि चाचा माझ्या कानाशी, "पायाचं टोक दरवाज्याकडं आहे. याला स्वतःलाच पटलेलं नाय." आणि खरंच, दुपारी तो सगळा बेत रद्द व्हायचा. मला हसू आवरायचं नाही आणि बोलणी मला बसायची.

ही बाई त्यांना भेटली कशी, तेही सांगते. बऱ्याच वर्षांपूर्वी चाचांबरोबर एक जर्मन इंजिनिअर काम करायचा. परत जाताना त्यानं सामान वाटून टाकलं. कुणाला फ्रीज मिळाला, कुणाला सायकल. चाचांच्या वाट्याला पुस्तकांचं खोकं आलं. त्यात एक जाडजूड जर्मन पुस्तक, आणि पुस्तकात त्या बाईनं टाइप केलेल्या पानांचे फोटो. चाचांना जर्मनचा गंध नव्हता. पण पानं बघून त्यांची हिंमत वाढली, कारण बाई एका ओळीत एक, फार तर दोन शब्द लिहायची.

"एका ओळीत एक शब्द!" चाचा सांगायचे. "एवढी जर्मन कुणालाही येईल. मोबाईलला विचारायचं, पुढं जायचं."

असं विचारत विचारत त्यांनी बाईचं सगळं चरित्र गोळा केलं होतं. बाई आधी नाटक कंपनीत प्रॉम्प्टर होती. पडद्याआड बसून नटांना विसरलेली वाक्यं कुजबुजत राहायची. चाचांच्या मते तिथंच तिला शब्दांची शिसारी बसली. "दुसऱ्याच्या तोंडात शब्द कोंबायचं काम बाय, त्याला किळसच येणार." मग ती सिनेमाकडं आली. सिनेमा लिहून झाला की ती बंदराजवळच्या स्वस्त थिएटरात जाऊन बसायची, पडद्याकडं पाठ करून. हमाल, खलाशी, वाचता न येणारी माणसं कुठं पुढं झुकतात ते बघायची. जिथं झुकतात तिथं पाटी नको. जिथं झुकत नाहीत तिथं सीनच नको. निर्माते तिला वैतागायचे आणि तिच्या माघारी पाट्या घालून टाकायचे.

तिचे बहुतेक सिनेमे आज नाहीत. जुन्या फिल्ममध्ये चांदी असायची म्हणून लोकांनी त्या जाळून चांदी काढली. हे सांगताना चाचांचा आवाज असा व्हायचा, की जणू चांदी त्यांच्याच घरातली गेली. पुढं बोलपट आले आणि गप्प बसणं लिहिणाऱ्या बाईला कुणी काम देईना. मग तिच्या देशात वाईट लोकांचं राज्य आलं, ती पळून परमुलखात गेली आणि घरमालकिणीशी हातवारे करत भाड्याच्या खोलीत मेली. "आपल्यासारखीच," चाचा म्हणायचे. "व्हिसावर जगली, व्हिसावर गेली."

त्यांचा सगळ्यात लाडका सिनेमा म्हणजे कोळशाच्या खाणीचा. तोही जळालेला. पण पानं उरलेली. खाणीत स्फोट होतो, नवरा खाली अडकतो, आत विषारी वायू. गावातली माणसं खाली धावायला निघतात आणि त्या माणसाची बायको खाणीच्या तोंडाशी जाऊन बसते. उतरू देत नाही. आणखी माणसं मरतील म्हणून. हा सीन चाचा मला पाठ म्हणून दाखवायचे, आणि दोन ओळींमध्ये एवढा वेळ थांबायचे की माझा चहा निवायचा.

ती येते.
तोंड.
अंधार.
ती बसते.
बसूनच राहते.

"मग? नवरा वाचतो का?" मी विचारलं.

तिथंच तर मेख होती. त्या काळी एकाच सिनेमाचे दोन शेवट काढायची पद्धत होती. रशियात लोकांना रडायला हवं असायचं, म्हणून त्यांना पाठवायच्या प्रतीत माणूस मरायचा. बाकीच्या देशांत तोच माणूस जिवंत बाहेर यायचा आणि बायकोला मिठी मारायचा. बाईला दोन्ही शेवट लिहावे लागले. चाचांना ठाम वाटायचं, की हसरा शेवट तिच्याकडून जबरदस्तीनं लिहून घेतला. नव्या माणसाची ओळख झाली की ते पहिला प्रश्न विचारायचे, "तू असतास तर कुठला शेवट ठेवला असतास?" आणि उत्तर काहीही आलं तरी मान हलवायचे.

आता हे सगळं वेड एखाद्या अकाउंटंटला असतं तर निरुपद्रवी होतं. चाचांच्या हातात मात्र माणसांचे जीव होते. आमची कंपनी तेलाच्या, गाळाच्या टाक्या साफ करायची. टाकीत माणसं उतरतात तेव्हा तोंडाशी एक माणूस बसवतात. त्याला होल वॉच म्हणतात. त्यानं आतल्या माणसांवर नजर ठेवायची, काही झालं तर हाक द्यायची आणि स्वतः कधीही उतरायचं नाही. यातली शेवटची गोष्ट माणसाच्या स्वभावात बसत नाही. गाळ ढवळला की त्यातून वायू सुटतो. आधी सडक्या अंड्यांचा वास येतो, आणि वायू जास्त झाला की वास यायचाच बंद होतो. माणूस कोसळतो. त्याला काढायला दुसरा उडी मारतो, तोही कोसळतो. चाचा म्हणायचे, "पहिला मरतो गॅसनं. दुसरा मरतो मायेनं. मला दुसरा वाचवायचाय."

म्हणून होल वॉच निवडायची त्यांची परीक्षा होती. वर्कशॉपच्या अंगणात एका रिकाम्या खड्ड्याशी बादली उपडी ठेवायची, माणसाला तिच्यावर बसवायचं आणि काही न सांगता निघून जायचं. मग खिडकीतून बघत राहायचं. ज्यानं मोबाईल काढला तो नापास. थोड्या वेळानं चाचा कुणालातरी अंगणाच्या दुसऱ्या टोकाला मुद्दाम ओरडायला लावायचे. जो मदतीला धावला तो तर साफ नापास. मीही एकदा हौसेनं बसले होते. चाचांनी खिडकीतूनच हात जोडले. "तू तुझे मीटर बघ, बाय."

कंपनीला ट्रेनिंगची फिल्म हवी होती. मॅनेजर दिल्लीकडचा. त्याचं म्हणणं, फिल्मवर सगळ्या भाषांत आवाज भरू. आमच्याकडं नेपाळी, बंगाली, मल्याळी, तेलुगू, पाकिस्तानी, सगळीच माणसं. चाचा म्हणाले, आवाज नको, अक्षरं नकोत. ज्या भाषेत माणूस घाबरतो त्या भाषेत फिल्म हवी. मॅनेजरनं कपाळावर हात मारला आणि परवानगी दिली, कारण ती स्वस्तात होणार होती.

कॅमेरा म्हणजे माझा फोन आणि मी. आत पडणारा माणूस म्हणजे चाचांचा धाकटा भाऊ. तो आमच्या टोळीचा फोरमन. चाचांनीच त्याला गावाहून आणलेलं. हा भाऊ अखंड बोलायचा, गाणी म्हणायचा, मॅनेजरची नक्कल करायचा, आणि चाचांना चिडवणं हा त्याचा धर्म होता. "भाईची जर्मन बायको," असं तो त्या बाईला म्हणायचा. भावाला काढायला धावणारा दोस्त म्हणजे त्याच्याच खोलीतला नेपाळी रिगर, म्हणजे दोरखंड लावून जड सामान उचलणारा, रेड्यासारखा ताकदवान आणि लाजाळू. तोंडाशी बसणारे चाचा स्वतः. एका रिकाम्या, धुतलेल्या, जमिनीतल्या टाकीवर आम्ही शूटिंग केलं.

पहिली अडचण नेपाळ्याची. चाचा भोकाच्या काठावर पाठ आत, तोंड बाहेर करून बसलेले. त्यांना ढकलून त्यानं आत जायला बघायचं होतं. पण तो म्हाताऱ्या माणसाला हात लावेना. नुसतं दंडाला बोट टेकवून माझ्याकडं बघायचा. चाचा ओरडले, "यल्ला, धक्का मार! तेरा भाई अंदर मर रहा है!" त्यानं जरा जोर लावला आणि लगेच पाया पडला. आतनं भावाचं हसणं घुमायला लागलं. मेलेला माणूस हसतोय म्हणून चाचा भडकले. अख्खी दुपार अशी गेली.

शेवटचा शॉट मात्र जमला. चाचा बसलेले. घाम. मागं काळं भोक. बसूनच राहिले. मी 'कट' म्हणायला विसरले आणि फोन चालूच राहिला. तेवढ्यात त्या भोकातनं शूटिंगसाठी ग्रीस फासलेले दोन काळेकुट्ट हात वर आले आणि त्यांनी मागनं चाचांचे डोळे झाकले. मग भावाचं डोकं वर आलं, हनुवटी चाचांच्या खांद्यावर टेकली. दात काढून हसतोय. चाचा आपले भूमिकेत, हलायला तयार नाहीत. पण थोड्या वेळानं त्यांचं पोट हलायला लागलं, आणि दोघं भाऊ त्या टाकीच्या तोंडाशी एकमेकांवर रेलून असे हसले, की मलाही फोन धरवेना.

मॅनेजरनं तेवढाच तुकडा बघितला आणि म्हणाला, "चाचा, यही डालो ना एंडिंग में! पॉझिटिव्ह! बंदा बाहर आया, थम्स अप, खलास!"

चाचा म्हणाले, "नाय."

पुष्कळ तणातणी झाली. मॅनेजर चढ्या आवाजात बोलत होता आणि चाचा त्याच्या अंगठ्याकडं बघत होते. माझ्यापाशी त्यांनी कारण सांगितलं. "शेवट दाखवला ना, की लोकांची नजर शेवटाकडं जाते. वाचला तर म्हणतील, सुटलो. मेला तर म्हणतील, उडी मारायला हवी होती. मला बसणारा दाखवायचाय." फिल्म बसण्यावरच संपली. सलमाबादच्या कॅम्पात मेसच्या भिंतीवर ती दाखवली तेव्हा आधी कुणी हललं नाही, आणि मग जे भांडण जुंपलं ते विचारू नका. मरा कि बचा? अरे बताओ ना, मरा कि बचा? बंगाली एका बाजूला, पंजाबी दुसऱ्या. चाचा खूश. "भांडू दे. भांडताना बसणारा डोळ्यांपुढं राहतो."

आणि मग मआमीर.

तिथल्या एका प्लँटमध्ये जमिनीखालच्या टाकीचं काम चाललं होतं. मी लेव्हल मोजायचं यंत्र बघायला गेले होते, चाचा फेरीवर आले होते. सकाळी वायू तपासला तेव्हा टाकी स्वच्छ निघाली होती. जेवणानंतर पुन्हा तपासायचा असतो. पण पंपाच्या जाळीत काहीतरी अडकलं आणि भाऊ म्हणाला, मीच काढतो, हा गेलो नि हा आलो. फोरमन तोच. त्याला कोण अडवणार? कमरेची दोरी पाइपात गुंतत होती म्हणून त्यानं आत गेल्यावर ती सोडली. गाळात पाय घातला. बाकीचे वर पाणी पीत उभे होते. तोंडाशी बसलेला तेलुगू पोरगेला माणूस पहिल्यांदा ओरडला, आणि त्या ओरडण्यातच आम्हाला सगळं कळलं.

मी आत डोकावले. भाऊ गाळात पालथा पडला होता. एक हात शिडीच्या खालच्या पायरीवर.

नेपाळी पळत आला. त्याच्या मागं आणखी तिघेचौघे. मीही 'उतरा, उतरा कुणीतरी' म्हणून किंचाळत होते, हे मला नंतर लोकांनी सांगितलं. आणि चाचा आले. चालत आले. धावले नाहीत. त्यांनी एकदाच आत बघितलं. मग रेडिओवर प्लँटच्या रेस्क्यू टीमला बोलावलं. हवेची नळकांडी पाठीला लावून उतरणारी माणसं तीच. दुसऱ्या झाकणातून हवा फेकणाऱ्या पंख्याकडं हात केला, तसा कुणीतरी धावत जाऊन तो पुरा सोडला. आणि चाचा काठावर बसले. पाठ आत, तोंड बाहेर.

"हटो चाचा!" नेपाळी ओरडला. चाचा हटले नाहीत. त्यानं धक्का दिला. शूटिंगमधला नव्हे, खरा. चाचांनी दोन्ही हातांनी कडा धरली. त्यांच्या कॉलरला लावलेलं गॅसचं मीटर किंचाळायला लागलं होतं, त्यांनी तोंड वाऱ्याकडं वळवलं होतं, पण उठले नाहीत. नेपाळी रडत होता, मारत होता. "आपका भाई है वो! सगा भाई है! आदमी हो कि क्या हो?" एक ठोसा तोंडावर बसला, ओठ फुटला. चाचांनी हात उचलला नाही, कारण हात उचलला असता तर कडा सुटली असती. मी त्यांच्या हातांकडं बघत होते. त्यांनीच शिकवलं होतं ना, तोंड नको, हात बघा. कडेवर त्यांची बोटं पांढरी पडली होती आणि अंगठा आत, मुठीत दाबलेला होता.

मग बाकीचे थांबले. एकेक करून. ही फिल्म त्यांनी बघितलेली होती. मेसच्या भिंतीवर बघितलेला माणूस त्यांच्यासमोर बसलेला होता, आणि आत कोण आहे ते त्यांना माहीत होतं, आणि तरी तो बसला होता. त्यांनी नेपाळ्याला मागनं धरलं. किती वेळ गेला म्हणून मला अजून विचारतात. रेस्क्यूची गाडी आली, मास्कवाले उतरले, तेव्हाच चाचा बाजूला झाले. भावाला वर काढलं. तो गेलेला होता. डॉक्टर म्हणाले, पडल्या पडल्याच गेला असावा. आत कुणी उतरलं असतं तर तोही शेजारी पडला असता. हे डॉक्टरचं बोलणं मी सगळ्यांना ऐकवते. पण जे लोक नुसती गोष्ट ऐकतात त्यांना डॉक्टर आठवत नाही, बसलेला भाऊ आठवतो.

चाचा मय्यत घेऊन गावी गेले. दफन झाल्यावर आईनं त्यांना विचारलं, "तू होतास तिथं?"

"होतो."

"मग?"

चाचांकडं उत्तर होतं, पण ते शब्दांत सांगायला गेलं की 'मी त्याच्याकडं पाठ करून बसलो' एवढंच उरतं. आई उठून आत गेली. त्यानंतर त्यांनी आणलेलं पाणीसुद्धा तिनं घेतलं नाही. इथं परत आल्यावर रोज संध्याकाळी ते गावाला फोन लावायचे, पुतणी उचलायची, फोन आजीच्या कानाशी न्यायची, आणि पलीकडून काही यायचं नाही. चाचा तसेच ऐकत बसायचे. हॉटेलातला टीव्ही कुणी बंद केला काय, चालू ठेवला काय, त्यांचं लक्ष नसायचं. 'ती बाई' त्यांच्या तोंडून गेलीच. मला त्याचा जास्त धसका बसला.

एका सकाळी ऑफिसात आले तर अंगणातल्या रिकाम्या खड्ड्याशी उपड्या बादलीवर नेपाळी बसला होता. कुणी सांगितलं नव्हतं. शिफ्ट संपेपर्यंत तो उठला नाही. कुणीतरी हाक मारली, फोन वाजला, पण त्यानं मान वळवली नाही. चाचा खिडकीत उभे राहून बघत होते. संध्याकाळी त्यांनी बाहेर जाऊन त्याच्या डोक्यावर हात ठेवला. आज आमचा सगळ्यात भरवशाचा होल वॉच तोच आहे.

चाचांनी नोकरी सोडली. व्हिसा कॅन्सल झाला, तिकीट निघालं. निघायच्या आदल्या दिवशी ते माझ्या टेबलाशी आले. "बाय, ती फिल्म मला दे. आईला दाखवतो."

"चाचा, त्यात तो पडतो. आईला हे दाखवणार? वेड लागलंय का तुम्हाला?"

"मी काय केलं ते तिला दिसू दे."

"मग निदान चार शब्द घाला. गॅस होता, उतरला असता तो मेला असता, असं लिहा. मी मराठीत टाइप करून देते."

"पाटी नको."

मी चिडले. मनापासून चिडले. म्हटलं, आई बोलत नाही आणि तुम्हाला अजून त्या जर्मन बाईची तत्त्वं सुचतायत? ती फिल्म बघून आईनं कायमचं दार लावून घेतलं तर? चाचा नेहमीसारखे बसले. खुर्चीच्या कडा धरून. मग माझी मलाच त्या तुकड्याची आठवण झाली. ट्रेनिंग रूममध्ये कुणी नव्हतं. फोन प्रोजेक्टरला जोडला आणि मॅनेजरला हवा होता तो शेवट लावला. भोकातून दोन काळे हात वर येतात, चाचांचे डोळे झाकतात. हनुवटी खांद्यावर. चाचांचं पोट हलायला लागतं.

पडदा पांढरा झाला तरी चाचा बघत होते.

"एवढाच न्या," मी म्हटलं. "बाकीचं मी काढून टाकते. तिला तिची दोन पोरं हसताना दिसू देत."

"एवढाच बघितला तर ती मला माफ करील," चाचा म्हणाले. "पण कशाबद्दल, ते तिला कळणार नाय." आणि मग कितीतरी दिवसांत पहिल्यांदाच तिची आठवण काढत म्हणाले, "ती बाई... मी समजायचो, दुसरा शेवट तिच्याकडनं जबरदस्तीनं लिहून घेतला. तसं नसेल बाय. लिहिताना तिच्यासमोर कुणीतरी असेल. कुणाची तरी आई."

मी दोन्ही जोडून दिले. आधी पडणं, मग बसणं, मग थोडा अंधार, मग ते हात. त्यांच्या सांगण्यावरून आवाज सगळा काढून टाकला. विमानतळावर मी रडले आणि चाचांनी माझ्या हातांकडं बघून मान हलवली.

पुढचे दोन दिवस मी फोन हातातून खाली ठेवला नाही. नवरा म्हणाला, जेव तरी. काय झालं असेल, आईनं फोन भिरकावला असेल का, दार लावलं असेल का, या विचारानं मला घास जाईना. शेवटी दुपारी, मी सलमाबादला नव्या माणसांना तीच फिल्म दाखवायला उभी असताना, मेसेज आला. चाचा लिहितात तसाच, एका ओळीत एक गोष्ट.

आई.
फोन हातात.
बघते.
तो पडतो.
ती बघते.
मी बसतो.
ती बघते.
तो हसतो.
परत लाव म्हणते.
परत.
परत.
माझ्याकडं येते.
ओटीवर.
माझ्याजवळ बसते.
बसूनच राहते.